हत्तीबुडातला डबा

१

डोमाच्या जाळ्यात त्या सकाळी चार मरळी आल्या, पाटीभर झिंगे आले, एक फाटकी चप्पल आली आणि आयर्लंड देश आला.

चप्पल डोमाचीच निघाली, गेल्या सालची. आयर्लंड कुणाचा, यावरून मात्र गावात दोन दिवस चुली नीट पेटल्या नाहीत.

मे महिना होता. आमच्या येलसावलीचा मामा तलाव, म्हणजे जुन्या मालगुजाराच्या वेळचा, त्या दिवसांत आटून अर्धा होतो. मग मच्छीमार सोसायटीची त्रेचाळीस घरं मिळून या काठापासून त्या काठापर्यंत जाळं ओढतात. सगळं गाव पाळीवर, म्हणजे तलावाच्या बांधावर, बसून बघतं. मीही बसलो होतो. शेजारी वारलू ढिवराची हर्षा उभी होती. वारलू गेला, पण त्याची पोरगी परदेशात नर्स होऊन, बारा वर्षांनी गेल्या दिवाळीत परत आली होती.

जाळं पिंपळाकडच्या कोपऱ्यात वळलं तशी ती म्हणाली, "तिकडं जाळं कशाला नेतात, काका? फाटेल ना."

तेवढ्यात डोमानं पाण्यात हात घातला. पाणी त्याच्या गुडघ्याला लागत होतं. हात वर आला तो स्टीलचा डबा घेऊन. झाकण नायलॉनच्या दोरीनं आवळलेलं, आत वजनाला दगड आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत एक लाल वही. वहीवर वीणेसारखं एक सोनेरी वाद्य.

माजी सरपंच भैयाजींचा मुलगा सूरज पुढं झाला. त्यानं वही उघडली आणि त्याचा चेहरा उतरला.

"आयर्लंडचा पासपोर्ट हाय," तो म्हणाला. "फोटोचं पान कापून घेतलं."

पाळीवरच्या सगळ्या माना एकाच वेळी वळल्या. सरपंचपदाला दोनच बाया उभ्या होत्या, एक हर्षा आणि दुसरी सूरजची बायको रुपाली. दोघीही आयर्लंडला राहून आलेल्या. सोमवारी चामोर्शीला तहसीलमध्ये अर्जांची छाननी होती आणि तो दिवस शनिवार होता.

हर्षाचा भाऊ मिथुन, सोसायटीचा सचिव, यानं डबा उलटा केला. बुडावर नाव कोरलं होतं.

"चि. सौ. कां. रुपाली हिस, आत्याकडून," त्यानं मोठ्यानं वाचलं.

२

मी कोण ते आता सांगतो, म्हणजे पुढचं किती मानायचं ते तुम्हाला ठरवता येईल.

मी बापूराव. एकतीस वर्षं या गावचा कोतवाल होतो. तलाठ्याचं दप्तर डोक्यावर, दवंडी तोंडात आणि उरलेल्या वेळात थापा. हेमलकशाच्या वाटेवर वाघानं मला बिडी मागितली, हे मी स्वतः सांगतो आणि स्वतःच ऐकतो, कारण दुसरं कुणी ऐकत नाही.

पिंपळाकडच्या त्या कोपऱ्याला हत्तीबूड म्हणतात, ते नावही माझंच. गोंडराजाचा हत्ती तिथं पाणी प्यायला उतरला तो अंबारीसकट खाली गेला आणि तीन महिन्यांनी मार्कंड्याला वैनगंगेत वर आला. हत्ती तसाच होता, फक्त माहूत म्हातारा झाला होता. तिथं तळ नाही, असं मी गावच्या तीन पिढ्यांच्या लेकरांना सांगितलं. तेव्हा तिथं खरोखरच दोन पुरुष खड्डा होता. पोरं भिऊन तिकडं पोहायला गेली नाहीत म्हणून कुणी बुडालं नाही. थापेचा एवढा तरी उपयोग.

पण करोनाच्या आधीच्या उन्हाळ्यात गाळ काढायची योजना आली. टिप्परला उतरायला वाट पाहिजे म्हणून मशीनवाल्यानं हत्तीबुडाच्या खड्ड्यात मुरूम ओतला आणि सपाट केला. हत्ती काही निघाला नाही. गाव महिनाभर मला हसलं.

तर असल्या माणसाकडं त्या दुपारी हर्षाची आई अंजनाबाई आली.

"बापूभाऊ, तुमी पाहा ना जरा. लोक रुपालीचं नाव घेऊन राह्यले, पण अर्धे माह्या पोरीकडं पाहून राह्यले. पोलीस पाटील लग्नाले गेले. भैयाजी म्हणते, नंबरावरून दिल्लीहून कळते, पण महिना लागते म्हणते."

"पोरीनं ते दुसरं नागरिकत्व घेतलं असन तं?"

"तं काय होते?"

"तं हे जाते, बाई. आपल्या कायद्यात दोन चालत नाई. दत्तक गेलेल्या पोराचं नाव बापाच्या सातबाऱ्यावर लागते का? तसं. मंग मत नाई, सरपंचकी नाई, वावर घेता येत नाई."

अंजनाबाईला सरपंचकीची हौस नव्हती. तिच्या घराला तलाव पाहिजे होता. भैयाजींनी तलावाचा ठेका नागपूरच्या एका माणसाला द्यायचं मनात घेतलं होतं. हर्षा निवडून आली तर तो सोसायटीकडंच राहणार होता. अर्ज भरायची मुदत संपली होती, तिसरं कुणी आता उभं राहू शकत नव्हतं. हर्षा बाद झाली की त्रेचाळीस घरांचं जाळं खुंटीवर.

म्हणून पासपोर्ट रुपालीचा निघावा, अशी माझी इच्छा होती, आणि तिथंच मी फसलो.

३

"या, गोष्टीवाले," भैयाजींनी ओसरीतूनच टोमणा मारला. "हत्ती सोडून डब्याच्या मागं लागले का?"

"हत्ती हुशार होता, भैयाजी. त्यानं मागं नाव कोरलेला डबा ठेवला नाई."

रुपाली आतून आली. डोळे सुजलेले. दारावर कुणीतरी कोळशानं 'आयर्लंडची सून' असं लिहिलं होतं आणि ती ते ओल्या फडक्यानं पुसून आली होती. तिनं न मागता आपला निळा, भारताचा पासपोर्ट माझ्यापुढं ठेवला.

"हा माह्या, काका. दुसरा नाई माह्यापाशी. आमी साडेतीन वर्षं राह्यलो तिथी. सूरजची नोकरी सुटली तसे आलो."

"डबा तं तुयाच हाय ना?"

"हाय. लग्नातला. दिवाळीले हर्षाताई आल्या तवा म्या करंज्या भरून पाठवला होता त्यांच्या घरी. परत नाई आला."

"सारं गाव म्हणन, का सून गोष्ट रचून राह्यली," भैयाजी म्हणाले. मग माझ्याकडं बघून पुढं म्हणाले, "शिकवणीले तुमीच आलते का?"

भिंतीवर एक फोटो होता. नव्या नवरीच्या साडीतली रुपाली तलावाच्या कोरड्या पोटात उभी, मागं पिवळी मशीन, बाजूला पिंपळ.

"हा कवाचा, बाई?"

"लग्नाचं दुसरंच साल. बाबा म्हणे, आपल्या वावरात गाळ जाऊन राह्यला, फोटो काढ." ती जरा हसली. "मी कोरपन्याची, काका. आमच्याकडं कापूस अन् सिमेंट. तलाव म्हणजे काय ते इथी येऊन पाह्यलं, तो पण कोरडाच."

मी उठलो तेव्हा ती दारापर्यंत आली आणि आवाज खाली करून म्हणाली, "सोमवारी मी अर्ज मागं घेते म्हणून सांगणार हाय. पोरीले गल्लीत चिडवून राह्यले. मले नाई पाहिजे हे."

म्हणजे मी काही न करता हर्षा बिनविरोध येणार होती. चहा प्यायला आलेला माणूस घर जिंकून निघावा, तसा मी रस्त्याला लागलो. दहा पावलांवर पाय थांबले. तो फोटो डोळ्यांपुढून जाईना.

४

मिथुननं हरकतीचा अर्ज लिहूनसुद्धा ठेवला होता.

"नाव हाय डब्यावर, बापूभाऊ. अजून काय पाहिजे?"

"तुया बहिणीचं काय?"

हर्षानं शांतपणे आपला पासपोर्ट दाखवला. निळा, भारताचा, मुदत शिल्लक असलेला. दिवाळीत आल्याचा विमानतळाचा शिक्काही त्यावर होता.

"कायदा एकच पासपोर्ट मानते, काका," ती म्हणाली. "माझ्याजवळ हा आहे."

"मंग झालंच ना," मिथुन म्हणाला. "दोन चालतच नाई तं दोन असणार कसे?"

साऱ्या गावानं हाच हिशोब मांडला होता. निळा दाखवला की लाल नाही. अरे, कायदा नाही म्हणतो म्हणून गोष्ट घडत नसती, तर सरकारनं मला एकतीस वर्षं पगार कशाचा दिला?

हर्षाची बोटं सारखी पासपोर्टच्या कडेवरून फिरत होती, नर्स पेशंटची नाडी बघते तशी. मी तिला काही विचारलं नाही. या पोरीला मी खांद्यावर बसवून बाजार दाखवला होता. वारलू गेला तेव्हा तिच्या नर्सिंगच्या फॉर्मवर पालक म्हणून अंजनाबाईच्या अंगठ्याशेजारी माझी सही होती.

अंजनाबाई चहा घेऊन आली. मी कप उचलला आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "काऊन वो अंजनाबाई, दिवाळीचा करंज्याचा डबा तुमी रुपालीले वापस नाई केला?"

आमच्याकडं शेजारणीचा डबा रिकामा परत करत नाहीत. काही भरायला होईपर्यंत तो घरातच राहतो. वर्ष राहिला तरी चालतो, पण रिकामा जात नाही. त्यामुळं अंजनाबाईला प्रश्नात काही वावगं दिसलं नाही.

"कसा करू भाऊ? रिकामा कसा द्यावा? म्हटलं झिंगे सुकले का भरून देते. फळीवर ठेवला होता. मंग पाह्यतो तं डबाच नाई…"

मिथुनचा हात हरकतीच्या अर्जावर थांबला. आणि हर्षा, जी एवढा वेळ माझ्याकडं बघत होती, ती चुलीकडं बघायला लागली.

५

तरी मी मन घट्ट केलं. डबा त्या घरातून दुसऱ्या कुणी उचलला असेल. फळी दाराशीच आहे, भैयाजींची माणसं काही कमी नाहीत.

मग मी गडचिरोलीला माझ्या भाचीला, साधनाला, फोन लावला. ती वकील आहे आणि माझं एकही वाक्य खरं मानत नाही, त्यामुळं नीट तपासून उत्तर देते.

"मामा, साडेतीन वर्षांत तिथलं नागरिकत्व मिळत नाही. साधारण पाच वर्षांचं वास्तव्य लागतं, वर अर्ज, वर वाट बघणं. तुमची रुपाली यात बसत नाही."

"अन् समजा कुणाले मिळालं, अन् त्यानं इथलं सोडतो म्हणून लिहूनच नाई देल्लं तं?"

"लिहून द्यावं लागतच नाही. स्वतःहून दुसरं घेतलं, त्याच क्षणी इथलं आपोआप संपलं. पासपोर्ट निळा असो, मुदत असो, तो नुसता कागद. उलट तो वापरला म्हणून दंड. तिकडचा कायदा म्हणतो दोन्ही ठेवा, आपला म्हणतो एकच. माणसं मधल्या फटीत पडतात."

"तहसीलचा साहेब ठरवते का हे?"

"त्याला अधिकार नाही. नागरिकत्व गेलं की नाही, हा वाद दिल्लीत ठरतो. म्हणजे कुणी बोललंच नाही, तर सध्या काही होणार नाही. का विचारता?"

मी म्हटलं, वाघानं विचारलंय, आणि फोन ठेवला.

मग बसून एकेक जोडत गेलो. डबा बुडवणाऱ्याला तो कायमचा नाहीसा करायचा होता. नाहीतर दगड कशाला आणि दोरी कशाला? मग त्यानं हत्तीबूड का निवडलं? मेमध्ये तिथं गुडघाभर पाणी असतं, दरसाल जाळं फिरतं. तलावाच्या मधोमध सोडला असता तर चिखलात रुतून गेला असता. गावातल्या कुणालाही हे ठाऊक आहे. रुपालीला तर नक्कीच, ती त्याच जागी कोरड्या मुरमावर उभी राहून फोटो काढून आली आहे. भैयाजींचे तर टिप्परच तिथून गेले.

हत्तीबुडाला तळ नाही, असं मानणारा माणूस कोण? ज्यानं लहानपणी माझी गोष्ट ऐकली आणि जो गाळ काढला त्या साली इथं नव्हता. गाव मला हसलं त्या महिन्यात जो हसायला हजर नव्हता.

पाळीवर ती म्हणाली होती, तिकडं जाळं कशाला नेतात, फाटेल ना.

गावात अशी एकच व्यक्ती होती. चोराचा माग काढत मी शेवटी माझ्याच थापेच्या दारात येऊन उभा राहिलो होतो.

६

रविवारी दिवस कलताना हर्षा पाळीवर सापडली, हत्तीबुडाकडं तोंड करून.

"किती खोल असन तिथी, हर्षा?"

तिनं मान वळवली नाही. "डोमाच्या गुडघ्याएवढं. शनिवारी कळलं."

मी तिच्याशेजारी बसलो. पाण्याकडं बघतच ती सांगायला लागली.

"करोनाचे दिवस होते. दवाखान्यात माणसं मरत होती आणि मला दर खेपेला परवाना वाढवायला रांगेत उभं राहावं लागे. सोबतच्या म्हणाल्या, नागरिकत्व घे, सुटशील. समारंभ बंद होते. वकिलासमोर कागदावर प्रतिज्ञा सही केली, पाच मिनिटं लागली. तिथून ड्युटीवर गेली. तिथं कुणी म्हटलं नाही, आता घरचं सोड. मला वाटलं एक जास्तीचं मिळालं. इथलं गेलं ते मला दिवाळीत, परत आल्यावर समजलं."

"मंग सांगायचं ना, पोरी."

"काय सांगू? मी आईच्या घरात बिनव्हिसाची परदेशी आहे म्हणून?" ती हसली, पण ते हसू काही बरं नव्हतं. "तो पासपोर्ट जाळायला घेतला. फोटोचं पान कापून चुलीत घातलं, पुढं हात चालेना. बारा वर्षं होती त्यात. बाबा म्हणायचे ना, जे टाकवत नाही ते पाण्यात सोडावं. तो उघडा पण सोडवेना. फळीवर डबा दिसला, खालचं नाव बघितलं नाही. बाबांचा डोंगा घेतला. तलाव भरलेला होता, काका. मला वाटलं, मार्कंड्यापर्यंत जाईल."

"मार्कंड्याले हत्ती गेला होता."

"तुम्ही तर म्हणत होते, सारंच जाते."

पाणकावळे पिंपळावर परतत होते.

"माहीत असूनही, तलाव वाचावा म्हणून अर्ज भरला मी. उद्या काय म्हणाल तुम्ही?" तिनं विचारलं. "रुपाली अर्ज मागं घेणार आहे. तुम्ही नुसते गप्प बसले तरी तलाव राहते."

"तलाव राहते," मी म्हटलं. "अन् त्या पोरीच्या दारावरचा कोळसा पण राहते."

ती उठली आणि निघून गेली.

७

चामोर्शीच्या तहसीलमध्ये सोमवारी उभं राहायला जागा नव्हती. निवडणुकीच्या साहेबांपुढं टेबलावर डबा ठेवला होता. मिथुननं हरकतीचा कागद हातात गुंडाळून धरला होता. ना देत होता, ना फाडत होता. रुपाली पदर डोक्यावरून घेऊन कोपऱ्यात उभी.

"डबा सापडला तेव्हा हजर कोण होतं? जुने कोतवाल?" साहेबांनी विचारलं.

मी पुढं झालो. खरं सांगतो, माझ्याजवळ थाप तयार होती. एक परदेशी पाहुणा, पाखरं बघायला आलेला, त्याची डोंगी उलटली. चांगली होती. रात्रभर घासून काढली होती. त्रेचाळीस घरं डोळ्यांसमोर होती आणि मी तोंड उघडलं.

"साहेब, माझा आहे तो," मागून हर्षा म्हणाली.

गर्दीनं तिला वाट करून दिली.

ती पुढं आली आणि निळा पासपोर्ट डब्याशेजारी ठेवला. "डबा रुपालीचा, तिनं आमच्या घरी फराळ पाठवला होता. आतलं माझं. माझा अर्ज बाद करा."

साहेबांनी चष्मा काढला. "बाई, तुमचं नागरिकत्व गेलं की नाही हे मी ठरवू शकत नाही. ते दिल्लीचं काम."

"माहीत आहे मला. म्हणूनच अर्ज मागं घेते, असं लिहून देते."

तिनं उभ्यानंच लिहिलं. मिथुन बाहेर निघून गेला. अंजनाबाई भिंतीला टेकून खाली बसली. रुपालीनं डोक्यावरचा पदर मागं घेतला, एवढंच.

साधनानं नंतर सगळी वाट सांगितली. निळा जमा करायचा, दंड भरायचा, लाल पुन्हा काढायचा, मग परदेशस्थ भारतीयाचं कार्ड. त्यावर आईजवळ जन्मभर राहता येतं, पण मत नाही. पुढं पाच वर्षांनी, लाल सोडून, इथलं परत मागता येतं. देतील की नाही, ते दिल्ली जाणे.

रुपाली बिनविरोध सरपंच झाली. अंजनाबाईनं डबा घासून, सुके झिंगे भरून माझ्या हाती पाठवला. रुपालीनं तो फळीवर ठेवला आणि म्हणाली, "भरून पाठवते म्हणा." तलावाच्या ठेक्याचा ठराव तिनं अजून मांडलेला नाही. भैयाजी रोज विचारतात, आणि सूनबाई रोज म्हणते, पाहू. त्या 'पाहू'वर त्रेचाळीस घरं झोपतात.

हर्षा दिल्लीला निघाली त्या दिवशी मी बसथांब्यावर गेलो. तिच्या पिशवीत तेच झिंगे होते, आईनं कोंबलेले.

"एक सांगू का, हर्षा," मी म्हटलं. "हत्ती नव्हता. म्याच रचली होती ती."

"मला आठ वर्षांची असतानाच माहीत होतं, काका. हत्ती कुठं असतो?"

"मंग?"

"खोली खरी वाटली."

बस आली. ती पायरीवर चढली, खिडकीतून वाकली आणि म्हणाली, "मी येईपर्यंत तेवढं खोल करून ठेवा."

मी हो म्हटलं. सोसायटीची बैठक परवा आहे. मुरूम काढायला मशीन पाहिजे, मशीनला ठराव पाहिजे, ठरावाला सरपंचाची सही पाहिजे. मी कोतवालकीतली जुनी टोपी शोधून ठेवली आहे. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा रुपालीच्या दारात मी काहीतरी खरं मागायला जाणार आहे, आणि ती विश्वास ठेवेल की नाही, हे काही मला सांगता येत नाही.